ली-यंग ली: पर्सिमन, वडिलांचं मनगट आणि विसरलेले शब्द

सर, तुमचा प्रश्न मी आधी माझ्या शब्दांत मांडते म्हणजे बाकीच्यांनाही कळेल. तुम्हाला ली-यंग ली या चिनी-अमेरिकन कवीची 'पर्सिमन्स' ही कविता मराठीत करून एम.ए.च्या वर्गात शिकवायचीय. तुम्ही तीन गोष्टी विचारल्यात: हा माणूस नक्की कुठला धरायचा, त्याचं आयुष्य मुलांना आधी सांगायचं की कवितेनंतर, आणि कवितेच्या सुरुवातीलाच जे दोन शब्द येतात, 'पर्सिमन' (एक फळ) आणि 'प्रिसिजन' (अचूकपणा), त्यांचं मराठीत काय करायचं. मी वीसेक वर्षं अमेरिकन कविता शिकवतेय आणि या कवीच्या कविता मराठीत आणायचा प्रयत्न बरीच वर्षं चालूय, त्यामुळे उत्तर लांबणार आहे, जरा निवांत वाचा.

आधी आयुष्य, कारण ते खरंच एका माणसाच्या वाट्याला जरा जास्तच आलंय. जन्म १९५७ चा, जकार्ताचा. आईवडील दोघंही चीनमधून बाहेर पडलेले. आईचं घराणं युआन शिकाई यांचं, म्हणजे चीनच्या प्रजासत्ताकाचे पहिले अध्यक्ष (सुन यत-सेन त्यांच्या आधी होते पण हंगामी), ते कवीचे पणजोबा लागतात. वडील डॉक्टर, आणि काही काळ माओंचे वैयक्तिक डॉक्टर होते असं त्याच्या प्रत्येक परिचयात लिहिलेलं असतं. आता बघा, एकीकडे जुन्या सत्ताधीशाचं घराणं आणि दुसरीकडे माओंच्या दवाखान्यातला माणूस, या दोघांचं लग्न, आणि नव्या चीनमध्ये अशा घराला फार काळ जागा नव्हती. ते इंडोनेशियात आले, वडिलांनी तिथे गमालिएल युनिव्हर्सिटी उभी करायला हातभार लावला, शिकवायला लागले. पण राष्ट्राध्यक्ष सुकार्नोंच्या काळात तिथे चिनी लोकांविरुद्ध वातावरण तापत गेलं, १९५९ मध्ये तर सरकारने परदेशी नागरिकांना, म्हणजे प्रत्यक्षात मुख्यतः चिन्यांना, खेड्यापाड्यात किरकोळ दुकानदारी करायला बंदी घातली. त्याच्या आधीच कवीच्या वडिलांना पकडून राजकीय कैदी म्हणून आत टाकलं होतं. वर्षभर तरी ते तुरुंगात होते. सुटल्यावर १९५९ मध्ये कुटुंब तिथून निघालं ते हाँगकाँग, मकाव, जपान असं फिरत फिरत १९६४ मध्ये अमेरिकेत पोचलं. म्हणजे घर सुटलं तेव्हा मुलगा दोन वर्षांचा आणि पुन्हा कुठेतरी टेकला तेव्हा जवळजवळ सात वर्षांचा.

यातली एक गोष्ट मुलांच्या लक्षात आणून द्याच. ज्याला आपण सहजपणे 'चीनमधून आलेला कवी' म्हणतो तो चीनमध्ये जन्मलेलाच नाही. त्याचा चीन आईच्या गाण्यातला आणि वडिलांच्या तोंडच्या कवितांमधला आहे. 'मी आईला गायला सांगतो' अशा अर्थाच्या नावाची त्याची एक छोटी कविता आहे, त्यात आई आणि आजी दोघी गातात, आणि तो सरळ सांगून टाकतो की मी पेकिंगला कधी गेलो नाही, तिथला समर पॅलेस पाहिला नाही, त्या दगडी नावेवर उभं राहून कुनमिंग तलावावर पाऊस सुरू होताना पाहिला नाही. जे पाहिलं नाही त्याची आठवण येते, आणि ती उसनी आहे हेही त्याला माहितीय. गाता गाता दोघी रडायला लागतात पण गाणं थांबवत नाहीत. आपल्याकडे कराची किंवा बडोदा सोडून आलेल्या मराठी घरांमध्ये ज्यांनी आजीकडून तिथल्या गोष्टी ऐकल्यात त्यांना ही कविता समजावून सांगावी लागत नाही.

अमेरिकेत वडिलांचं आयुष्य पुन्हा पालटलं. हाँगकाँगमध्ये असतानाच ते धर्मोपदेशक झाले होते, मोठमोठ्या सभांसमोर बोलायचे, आणि पेनसिल्व्हेनियात आल्यावर पिट्सबर्गच्या सेमिनरीत, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या संस्थेत, रीतसर शिकून व्हँडरग्रिफ्ट नावाच्या एका छोट्या स्टीलच्या गावात प्रेस्बिटेरियन चर्चचे पाद्री झाले. जरा डोळ्यांसमोर आणा, पश्चिम पेनसिल्व्हेनियातलं कारखान्याचं गाव, सगळी गोरी कामगार वस्ती, आणि त्यांचा पाद्री हा चिनी माणूस. आजारी आणि म्हाताऱ्या माणसांना घरी जाऊन ते प्रार्थना आणि प्रसाद द्यायचे तेव्हा मुलगा बरोबर जायचा, हे सगळं त्याने 'द विंग्ड सीड' या १९९५ च्या आठवणींच्या पुस्तकात लिहिलंय. घरी वडील मुलांना दोन गोष्टी ऐकवायचे, थांग राजवटीच्या काळातल्या जुन्या चिनी कविता आणि किंग जेम्स बायबल, म्हणजे बायबलचं जुनं इंग्रजी भाषांतर. हे दोन आवाज कानात धरूनच त्याच्या ओळी वाचाव्या लागतात. बरेच लोक ओळ छोटी दिसली, पाऊस आणि डोंगर दिसला की लगेच 'चिनी प्रभाव' लिहून मोकळे होतात, पण त्याच्या दुसऱ्या संग्रहाचं नावच, 'द सिटी इन विच आय लव्ह यू', बायबलमधल्या गीतरत्न या प्रेमकाव्याकडे जातं, त्यातली प्रेयसी रात्री शहराच्या गल्ल्यांमधून आपल्या प्रियकराला शोधत फिरते ना, तिथे. त्याचा सूर बायबलचा आहे आणि पदार्थ चिनी आहेत असं मी वर्गात ढोबळपणे सांगते, पुढे मुलंच त्याला अपवाद शोधून आणतात आणि मला ते आवडतं.

शिक्षण पिट्सबर्ग युनिव्हर्सिटीत, आणि तिथे जेराल्ड स्टर्न हे कवी त्याला शिक्षक म्हणून भेटले. हे महत्त्वाचं आहे, कारण स्टर्न स्वतः पूर्व युरोपातून आलेल्या ज्यू कुटुंबातले, मोठ्या आवाजात, भरभरून लिहिणारे. १९८० मध्ये वडील गेले. पहिला संग्रह 'रोझ' आला १९८६ मध्ये, बीओए एडिशन्स या प्रकाशनाकडून, त्याची प्रस्तावना स्टर्न यांची. १९९० च्या दुसऱ्या संग्रहाला लॅमाँट हा कवितेचा पुरस्कार. या सगळ्या काळात तो शिकागोत राहायचा आणि पोटापाण्यासाठी एका गोदामात काम करायचा, मोठं कुटुंब, आई, भाऊ, बायको, दोन मुलगे. अमेरिकन कवी म्हटला की युनिव्हर्सिटीतली नोकरी असं आपण धरून चालतो, त्याचं बराच काळ तसं नव्हतं.

आता त्याच्या मागे काय आहे तेही दोन वाक्यांत सांगा, नाहीतर मुलांना वाटतं चिनी-अमेरिकन कविता १९८६ ला सुरू झाली. अमेरिकेने १८८२ मध्ये कायदा करून चिनी मजुरांना यायला बंदी केली, तो कायदा १९४३ मध्ये उठला आणि उठला तेव्हासुद्धा वर्षाला फक्त १०५ जणांना प्रवेश होता. १९१० ते १९४० या काळात सॅन फ्रान्सिस्कोजवळच्या एंजल आयलंडवर चिनी लोकांना आठवडे, महिने डांबून ठेवून चौकशी व्हायची, आणि त्या लाकडी बराकींच्या भिंतींवर त्या लोकांनी कविता कोरल्या, जुन्या चिनी वृत्तांमध्ये, बहुतेक बिननावाच्या. त्यावर रंगाचे हात मारले गेले तरी अक्षरं राहिली. १९७० मध्ये ती इमारत पाडायची ठरलेली असताना तिथल्या एका पार्क रेंजरला, अलेक्झांडर वाइस यांना, ती अक्षरं दिसली आणि म्हणून इमारत टिकली. दोनशेच्या वर कविता आहेत. ली-यंग लीला वाचायच्या आधी मी वर्गात यातल्या दोन वाचते. कुणाला आवडो न आवडो, अमेरिकेतली चिनी माणसाची कविता कोठडीच्या भिंतीवर सुरू झाली.

आणि त्याच्याच पिढीतली कवयित्री मॅरिलिन चिन, १९५५ चा हाँगकाँगचा जन्म, ऑरेगनमधल्या पोर्टलंडला वाढलेली. तिच्या वडिलांनी मेई लिंगचं मॅरिलिन करून टाकलं, मन्रोवरून, आणि त्यावर तिने कविता लिहिली, ती धारदार, चिडलेली, हसवणारी आहे. ली-यंग ली तसा नाही. त्याचा राग आहे पण तो फार खाली असतो. दोघांना शेजारी ठेवून वाचलंत की 'इमिग्रंट कवी' या एका डब्यात किती वेगळी माणसं बसवली जातात ते मुलांना आपोआप दिसेल.

बरं, आता पर्सिमन्स.

कविता सुरू होते ती सहावीच्या वर्गात. मिसेस वॉकर नावाच्या बाई मुलाच्या डोक्यावर मागून चापट मारतात आणि कोपऱ्यात उभं करतात, कारण त्याला 'पर्सिमन' आणि 'प्रिसिजन' या शब्दांतला फरक कळत नाही. त्याच्यानंतर लगेच कविता म्हणते, पर्सिमन कसं निवडायचं ते सांगतो, ते म्हणजे प्रिसिजन. पिकलेली मऊ असतात, त्यांच्यावर तपकिरी ठिपके असतात, बुडाकडून वास घ्यायचा, गोड असेल त्याला सुवास येतो. खायचं कसं: सुरी बाजूला ठेवायची, खाली वर्तमानपत्र अंथरायचं, साल हळुवार सोलायची, गर फाटू द्यायचा नाही, साल चावून चोखून गिळायची आणि मग गर, थेट मधल्या भागापर्यंत. म्हणजे बाईंनी ज्याला शब्दाचा अर्थ कळत नाही म्हणून मारलं, त्याच्या हातांना तो अर्थ बाईंपेक्षा जास्त कळतो. पुढे बाई वर्गात एक पर्सिमन घेऊन येतात, 'चायनीज ॲपल' म्हणून सुरीने कापतात आणि सगळ्यांना फोडी वाटतात. मुलाला दिसतंय की ते पिकलेलं नाही. तो खात नाही, फक्त बाकीच्यांची तोंडं बघत राहतो. बस, एवढंच. कवितेत सूड कुठेच नाही आणि तरीही सगळा हिशोब तिथे पूर्ण होतो.

इथे फळ माहीत नसेल तर वर्ग अडकतो, त्यामुळे फळ सांगा. पर्सिमन आता पुण्या-मुंबईच्या मोठ्या फळबाजारात थंडीच्या सुमाराला दिसतं, केशरी, टोमॅटोसारखं, वर चार पानांची टोपी. कुणी अमरफळ म्हणतात, हिमाचलात जपानी फळ म्हणतात, उत्तरेकडे काही ठिकाणी रामफळही म्हणतात, पण आपलं रामफळ म्हणजे सीताफळाचं भावंड, त्यामुळे ते नाव मराठीत चुकूनही घेऊ नका. मला जास्त आवडलेली गोष्ट ही की आपली टेंभुर्णी, जिच्या पानांच्या विड्या होतात, तीच तेंदूची, ती पर्सिमनच्याच कुळातली. विदर्भात, गडचिरोली-गोंदियाकडे ज्यांनी उन्हाळ्यात टेंभरं खाल्लीत त्यांना कच्चं टेंभरू तोंडात गेल्यावर जीभ कशी जड होते, गाल आतून कसे आवळून येतात ते माहितीय. कोकणातल्यांना काजूचं बोंडू सांगा, तेच. कच्च्या पर्सिमनमध्येही तसाच तुरटपणा असतो. हे एकदा सांगितलं की 'बाकीच्यांची तोंडं बघत राहिलो' ही ओळ वर्गात कुणालाच समजावावी लागत नाही, मुलांची स्वतःचीच तोंडं वाकडी होतात.

आता तुमचा खरा प्रश्न, त्या दोन शब्दांचं काय. माझ्या पहिल्या खर्ड्यात मी अमरफळ आणि अचूकता केलं होतं. अर्थ बरोबर, पण चापट कशासाठी तेच कळेना, कारण अमरफळ आणि अचूकता यांच्यात कोण गोंधळेल? दुसऱ्या खर्ड्यात मी मराठीतली जोडी शोधली. मराठीत ती मिळते, आपला ज आणि च दोन-दोन प्रकारचे ना, जग म्हणजे दुनिया आणि जग म्हणजे जगत राहा, लिहायला एकच, उच्चार वेगळा, आणि बाहेरच्या राज्यातून इथल्या शाळेत आलेली मुलं नेमकी तिथे अडकतात आणि वर्ग त्यांना हसतो, हे मी स्वतः पाहिलंय. मला वाटलं सापडलं. कविता तशी करूनही टाकली, पण ती पुण्यातल्या शाळेची कविता झाली, त्यात व्हँडरग्रिफ्ट नव्हतं, चिनी आई नव्हती, आणि मुख्य म्हणजे फळ नव्हतं. फळच गेलं तर शेवटाला काय हातात देणार?

शेवटी मी दोन्ही शब्द तसेच ठेवले, पर्सिमन आणि प्रिसिजन, देवनागरीत. माझं कारण असं: त्या मुलासाठीसुद्धा ते परकेच शब्द होते. त्याला आधी ऐकू येतो तो नाद, अर्थ नंतर. मराठी वाचकाला प्रिसिजन हा शब्द थोडाफार ऐकून माहीत असतो पण जिभेवरचा नसतो, म्हणजे वाचक बरोबर त्या मुलाच्या बाकावर बसतो. आणि एकदा तुम्ही प्रिसिजन ठेवलंत की तो शेवटपर्यंत ठेवावाच लागेल, कारण तो शब्द परत येतो, त्याच्यावर मी खाली येतेच. मधल्या ठिकाणी कुठेही 'नेमकेपणा' वगैरे करू नका, मोह होतो.

फाइट-फ्राइट आणि रेन-यार्न या पुढच्या जोड्यांचंही तसंच आहे. भांडायचा तेव्हा घाबरलेला असायचा आणि घाबरायचा तेव्हा भांडत असायचा, हे मराठीत छान येतं. रेन म्हणजे छोटासा साधा पक्षी आणि यार्न म्हणजे विणायची लोकर, आणि आई लोकरीचे पक्षी करायची, ससा, छोटा माणूस. चूक म्हणून ज्यांच्यावर लाल रेघ मारली ते शब्द घरी आईच्या हातात खरोखरच एकत्र होते. सगळी कविता याच एका गोष्टीवर उभी आहे, शाळा ज्यांना वेगळं करते त्यांना हात एकत्र बांधतो. तुम्ही भाषांतर करताना बाकी काही निसटलं तरी चालेल, हे निसटू देऊ नका.

मधला भाग आहे बायकोचा, डॉना. दोघं अंगणात गवतावर आडवे आहेत, तो तिला चिनी शब्द शिकवतोय. रातकिड्यांना काय म्हणतात ते त्याला येतं. दवाला काय म्हणतात, विसरलो. नग्नला काय म्हणतात, विसरलो. नी आणि वो, म्हणजे तू आणि मी, ते आठवतं. मी हे पहिल्यांदा शिकवलं तेव्हा मला ती फक्त शृंगाराची जागा वाटली होती. नंतर माझ्या नात्यातली न्यू जर्सीत वाढलेली एक मुलगी सुट्टीत घरी आली होती, तिला मराठी कळतं सगळं पण बोलता येत नाही, आणि ती आजीला एक-एक वस्तू दाखवून विचारत होती हे काय, ते काय, आणि काही शब्द तिला अचानक आठवायचे, काही नाही, आणि कुठले आठवतील याचा काही नियमच नव्हता. तेव्हा मला ती जागा कळली. भाषा जाते ती सरसकट जात नाही, अशी भोकं पडत जाते. आणि तो प्रेमाच्या ऐन क्षणी ही भोकं दाखवतो, लपवत नाही.

मग वडील. त्यांची दृष्टी चाललीय. आईने सांगितलेलं असतं की प्रत्येक पर्सिमनच्या आत एक सूर्य असतो. तळघरात वर्तमानपत्रात गुंडाळलेली दोन पर्सिमन्स मुलाला सापडतात, विसरलेली, अजून न पिकलेली, ती तो आपल्या खिडकीत ठेवतो, जिथे रोज सकाळी एक पक्षी गातो. आपल्याकडे आंबा अढीत घालतात तसंच हे, फक्त इथे वाट बघणारा मुलगा आहे. एका रात्री वडिलांना कळतं की आपण आंधळे होणार, आणि ते रात्रभर जागे बसून राहतात. तेव्हा तो ती फळं वडिलांच्या हातात देतो.

आणि शेवट. मुलगा मोठा झालाय, आईवडिलांच्या घरी तळघरात काहीतरी शोधतोय, वडील लाकडी जिन्यावर काठी धरून बसलेत. डोळे कसे आहेत असं तो विचारतो आणि विचारल्यावर त्यालाच कळतं की हा काय प्रश्न झाला. एका खोक्यात तीन गुंडाळलेली चित्रं सापडतात: जास्वंदीचं पान आणि पांढरं फूल, अंग चाटणाऱ्या दोन मांजरी, आणि दोन पर्सिमन्स, इतकी भरलेली की कापडावरून गळून पडतील. वडील हात पुढे करून चित्र चाचपतात, हे कुठलं म्हणून विचारतात. पर्सिमन्स, बाबा. आणि मग वडील बोलतात, रेशमावर फिरणाऱ्या ब्रशचा स्पर्श, ती ताकद, मनगटातलं ते ताणलेलं प्रिसिजन.

हाच तो शब्द. सुरुवातीच्या ओळींत ज्या शब्दासाठी मार खाल्ला तो शब्द शेवटी वडिलांच्या मनगटात, पर्सिमन काढताना, परत येतो, आणि आता खरोखर दोन्हींत फरक उरलेला नाही. माझे विद्यार्थी इथे दरवर्षी गप्प होतात, मला काही बोलायची गरज पडत नाही. म्हणून म्हटलं की मध्येच 'अचूकता' करू नका, दार तिथेच बंद होतं.

आता तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर याच्यातूनच निघतं. आयुष्य आधी सांगायचं का? माझं मत, कवितेआधी फक्त दोन गोष्टी सांगा: घर सोडलं तेव्हा किती वर्षांचा होता, आणि वडील कोण होते. माओ, सुकार्नो, तुरुंग हे सगळं नंतर. मी सुरुवातीला उलटं करायचे, पाऊण तास इतिहास सांगायचे आणि मग कविता, आणि मुलं मग वर्गात इतिहासच शोधत बसायची, जास्वंदीचं पान म्हणजे चीन, पांढरं फूल म्हणजे मृत्यू, मांजरी म्हणजे माहीत नाही काय. चित्रातलं पान हे पान आहे. वडील चित्रं काढायचे.

वडिलांवरच्या बाकीच्या कविता वाचल्यात तर हे आणखी पटेल. 'द गिफ्ट' मध्ये सात वर्षांच्या मुलाच्या तळव्यात धातूची कपची घुसलीय आणि वडील हळू आवाजात एक गोष्ट सांगत ती काढतात. गोष्ट कुठली ते आठवत नाही, आवाज आठवतो, खोल विहिरीतल्या काळ्या पाण्यासारखा. पुढे मोठेपणी तो तसाच बायकोच्या अंगठ्यातली कपची काढतो. मी तिथे 'सल' हा शब्द वापरलाय. मराठीत सल म्हणजे आत रुतून राहिलेला काट्याचा तुकडाही आणि मनातलं न बोललेलं दुःखही, इंग्रजीत जे एका शब्दात नाही ते आपल्याला फुकट मिळतं. पण यातही एक धोका आहे, तो मुलगा त्या तुकड्याला मोठमोठी भयंकर नावं देत नाही हेच तर कवितेत महत्त्वाचं आहे, आणि सल म्हटलं की मराठी वाचक लगेच दुःखाकडे धावतो. म्हणून मी पहिल्यांदा कपची म्हणते आणि सल फक्त एकदाच, शेवटाकडे.

'ईटिंग टुगेदर' आणि 'ईटिंग अलोन' या जोडीने वाचा, दोन्ही 'रोझ' मध्येच आहेत. पहिलीत वाफवलेला ट्राउट मासा आहे, आल्याचे काप, कांद्याची पात, तिळाचं तेल, सगळं कुटुंब जेवायला बसलंय आणि आई माशाच्या डोक्याजवळचं सर्वांत गोड मांस चवीने, अगदी वडील घ्यायचे तशी दोन बोटांत धरून घेते. काही आठवड्यांपूर्वी वडील घ्यायचे. मग ते झोपले, पाइनच्या झाडांमधून जाणाऱ्या बर्फाने झाकलेल्या रस्त्यासारखे, ज्यावर कुणी चालत नाही. मृत्यू हा शब्द कुठेच नाही, कुणाच्या ताटात माशाचं डोकं पडलं एवढ्यावरून कळतं. मासे खाणाऱ्या घरात वाढलेल्या कुणालाही हे अर्ध्या ओळीत समजेल. 'ईटिंग अलोन' मध्ये तो बागेतले शेवटचे कांदे उपटतोय, त्याला झाडांत वडील उभे दिसतात आणि जवळ गेल्यावर ते फावडं निघतं. आत येऊन भात, मटार, लसूण आणि तिळाच्या तेलातली कोळंबी. भाषांतर करताना या पदार्थांना मराठी करायला जाऊ नका, कोळंबीचं कालवण वगैरे, आणि कोलंबी भात तर नाहीच. तिळाचं तेल तिळाचंच राहू दे, आपल्याकडेही आहे ते.

वडिलांच्या पलीकडे तो गेला का, असं मुलं विचारतात. गेला. 'द क्लीव्हिंग' ही दुसऱ्या संग्रहातली लांब कविता बघा, हॉन की नावाच्या किराणा दुकानातला खाटीक, टांगलेली भाजलेली बदकं, सुऱ्याचे घाव, आणि त्या खाटकाच्या चेहऱ्यात त्याला आपल्या सगळ्या माणसांचे चेहरे दिसतात. इमर्सन या अमेरिकेच्या थोर विचारवंताने चिनी लोकांच्या रूपाबद्दल फार वाईट लिहून ठेवलंय, ते तो या कवितेत ओढून आणतो, आणि त्याला उत्तर देत नाही तर सगळं खाऊन टाकतो, बदक, खाटीक, इमर्सन, स्वतःचा वंश. इथे त्याचा राग आहे. मला ही त्याची सर्वांत मोठी कविता वाटते, 'पर्सिमन्स' पेक्षाही, पण पहिल्या तासाला शिकवू नका, खूप मांस आहे तिच्यात आणि मुलं दचकतात.

नंतरचं काम मी थोडक्यात सांगते. 'बुक ऑफ माय नाइट्स' २००१, 'बिहाइंड माय आइज' २००८, 'द अनड्रेसिंग' २०१८, 'द इन्व्हेन्शन ऑफ द डार्लिंग' २०२४, आणि २०२४ लाच युन वांग यांच्याबरोबर 'दाओ दे जिंग' या प्राचीन चिनी ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर. त्याच वर्षी रूथ लिली हा कवितेचा पुरस्कारही. २००१ नंतरची कविता जास्त अमूर्त होत जाते, रात्र, मौन, देव, प्रियेशी चाललेला संवाद, फळं आणि मासे कमी. काहींना तीच खरी उंची वाटते, मला दर वेळी वाटत नाही, काही कवितांमध्ये हाताला काही लागतच नाही. पण 'बिहाइंड माय आइज' मधली निर्वासितांना सल्ले देणारी कविता जरूर वाचा. साधे कपडे घाला, फार मोठ्याने बोलू नका असल्या धाटणीचे सल्ले आहेत, आणि मध्येच दारातून वडिलांना मारत ओढत नेणारी हत्यारबंद माणसं येऊन जातात. तुम्ही आयुष्याचा भाग नंतर सांगणार असाल तर या कवितेबरोबर सांगा, तिथे तो लागतो.

तो कुठला धरायचा, याचं माझं उत्तर एवढंच की त्याला स्वतःला आशियाई-अमेरिकन कवी हा शिक्का कधी फारसा मानवला नाही, तो म्हणतो की कविता लिहिताना मी कुठल्या एका समाजाशी बोलत नसतो, त्याहून मोठ्या कशाशी तरी बोलत असतो. त्याचं ऐकायचं की नाही ते वर्गावर सोडा, मी दोन्ही बाजूंनी निबंध लिहून घेते. युनिव्हर्सिटीच्या पेपरला 'अस्मिता' लिहिलं की मार्क मिळतात हे मला माहितीय, पण त्याच्याही आधी मुलांनी एकदा तरी ते फळ हातात धरावं. सीझनमध्ये दोन-तीन विकत घ्या, एक कच्चं, एक पिकलेलं, आणि सुरी नेऊ नका.

तुम्ही पाठवलेल्या खर्ड्यातली एकच जागा सांगते आणि थांबते. शेवटी वडील म्हणतात की हे मी डोळे मिटून शेकडो वेळा काढलंय, आणि मग, हे काढलं ते आंधळा झाल्यावर. तुम्ही दोन्हीकडे 'डोळे मिटून' केलंय. पहिला सराव आहे, स्वतःहून केलेला. दुसऱ्यात मिटायला काही उरलेलंच नाही. तेवढं बदला आणि मला परत दाखवा.